‘सावकारी पाश’ : ऐकीव निकालाची फेरतपासणी

मराठी चित्रपटाचा इतिहास सांगणारे पुस्तक उघडावे किंवा एखाद्या महोत्सवाची स्मरणिका चाळावी. १९२५ साल आले की एक वाक्य हटकून भेटते. बाबूराव पेंटरांचा ‘सावकारी पाश’ हा भारतातला पहिला वास्तववादी चित्रपट होय. पाठोपाठ आणखी तीन वाक्ये ठरलेल्या क्रमाने येतात. पौराणिक चित्रपटांच्या गर्दीत तो एकाएकी उगवला. काळाच्या फार पुढे असल्यामुळे प्रेक्षकांना तो पचला नाही, म्हणून हिरमुसलेले पेंटर पुन्हा देवादिकांकडे आणि मावळ्यांकडे वळले. आणि त्यांच्या हातून सुटलेले सूत्र अठ्ठावीस वर्षांनी बिमल रॉय यांनी ‘दो बिघा जमीन’मध्ये उचलले. परीक्षेत लिहिले तर पैकीच्या पैकी गुण मिळावेत, इतके हे उत्तर आता सर्वांचे पाठ झाले आहे.

खंडन करण्याआधी पूर्वपक्ष त्याच्या पूर्ण ताकदीनिशी मांडावा, अशी आपल्याकडची जुनी रीत आहे. ती पाळायची तर आधी हे मान्य केले पाहिजे की पूर्वपक्ष अगदीच पोकळ नाही. पेंटरांची कोल्हापूरची महाराष्ट्र फिल्म कंपनी ‘सैरंध्री’ (१९२०), ‘सिंहगड’ (१९२३), ‘कल्याण खजिना’ (१९२४) अशा चित्रपटांनी नावारूपाला आलेली. ‘सैरंध्री’ पाहून लोकमान्य टिळकांनी पेंटरांना ‘सिनेमा केसरी’ ही पदवी दिली. अशा कंपनीने १९२५ साली जी गोष्ट घेतली तिच्यात देव नव्हता, राजा नव्हता, किल्लाही नव्हता. कथा नारायण हरी आपटे यांची. तरुण शेतकऱ्याच्या भूमिकेत त्या वेळी पंचविशीही न गाठलेले व्ही. शांताराम. शेतकऱ्याची जमीन सावकाराच्या घशात जाते, घरदार सुटते, तो शहराची वाट धरतो आणि गिरणीत मजूर होतो. कथेचा एवढा सांगाडा सर्वमान्य आहे. आपल्याच मातीतल्या बेघर झालेल्या माणसाची गोष्ट त्या काळात पडद्यावर आणणे हे धाडस होते, याबद्दल माझा वाद नाही. माझा वाद त्या सांगाड्यावर चढवलेल्या निकालाशी आहे. हा वाद मी देवासहून घालतो आहे, त्यालाही कारण आहे; ते ओघात येईलच.

साक्ष कोणाची?

पहिला प्रश्न अगदी साधा. हा चित्रपट पाहिला कोणी? मूक ‘सावकारी पाश’ची प्रत आज उपलब्ध नाही. पेंटरांच्या मूकपटांपैकी ‘मुरलीवाला’ आणि ‘सती सावित्री’ या १९२७ च्या दोन चित्रपटांचे काय ते अवशेष उरले, बाकीचे गेले. त्या काळची फिल्म नायट्रेटची. ती चटकन पेट घेई, आणि न जळता पडून राहिली तरी वर्षांनुवर्षे उष्म्यात विरघळून तिचा चिकट लगदा होई. शिवाय तिच्यात चांदी असे. बोलपट आल्यावर निरुपयोगी ठरलेली रिळे चांदी काढून घेण्यासाठी विकली गेली, हा तर सगळ्या जगाचा अनुभव. तेव्हा आज जो कोणी या मूकपटाला ‘वास्तववादी’ म्हणतो, तो ऐकीव माहितीवर म्हणतो. ऐकीव साक्ष सरसकट बाद करावी असे मी म्हणणार नाही. पण मूळ साक्षीदार कोण आणि तो नेमके काय म्हणाला, एवढे तरी तपासायला हवे.

मूळ साक्षीदार म्हणजे जे. बी. एच. वाडिया. ‘हंटरवाली’ काढणारे, वाडिया मूव्हीटोनचे संस्थापक. या चित्रपटाची थोरवी सांगताना त्यांच्या आठवणीतली एक चौकट पुन्हा पुन्हा पुढे केली जाते: उदास झोपडी, दुरून घेतलेली, मंद उजेडात बुडालेली, आणि त्या सुनसान दृश्यावर फक्त कुत्र्याचे रडणे. चौकट मोठी बोलकी आहे. एका झोपडीत सगळ्या कुटुंबाचे मरण दिसावे अशी.

पण कुत्र्याचे रडणे मूकपटात ऐकू येत नाही.

वाडियांची यात काही चूक नाही. त्यांनी स्वतःच सांगून ठेवले आहे की मूकपट आपल्याला अंधुक आठवतो, आणि पेंटरांचे खरे मोठेपण उमगले ते बोलपट पाहिल्यावर. झोपडीची ती चौकट १९३६ च्या बोलपटातली. पेंटरांनीच तीच कथा कोल्हापूरच्या शालिनी सिनेटोनसाठी दुसऱ्यांदा चित्रित केली होती. साक्षीदाराने दोन गोष्टी काळजीपूर्वक वेगळ्या ठेवल्या, आणि त्याच्या नावावर बोलणाऱ्यांनी त्या एकत्र करून टाकल्या. १९३६ ची चौकट उचलून १९२५ च्या भिंतीवर टांगली आणि तिच्या जोरावर ‘पहिला’ हा मान देऊन टाकला.

ही नुसती सनावळीची चूक म्हणून सोडून देण्यासारखी नाही. तीच झोपडी मूकपटात दाखवायची असती तर काय करावे लागले असते, याचा विचार करावा. कुत्रे रडते हे सांगायला एकतर कुत्रे पडद्यावर आणावे लागले असते, म्हणजे झोपडीचे एकटेपण मोडले असते. नाहीतर मधे अक्षरांची पाटी टाकावी लागली असती, म्हणजे दृश्य तुटले असते. त्या काळात रात्रीचे प्रसंग पुष्कळदा दिवसाउजेडी घेत आणि फिल्म निळ्या रंगात बुडवून त्यांची रात्र करत. पेंटरांनी ‘सिंहगड’मध्ये कृत्रिम प्रकाशाचा प्रयोग केला होता, तेव्हा त्यांच्याकडून अधिकाची अपेक्षा करता येईल. तरीही थिएटरात पेटी-तबला चालू, अक्षरओळख नसलेल्यांसाठी कोणीतरी पाट्या मोठ्याने वाचतो आहे, मागच्या बाकावर पोर रडते आहे, अशा गलक्यात ‘शांतता’ हा परिणाम साधायचा कसा? आवाज आला तेव्हाच शांतता चित्रित करण्याची सोय झाली. झोपडी जागच्या जागी, कॅमेरा दूर, आणि चौकटीबाहेरून येणारे रडणे: ही रचना बोलपटाच्या माध्यमातूनच सुचते. पेंटरांनी अकरा वर्षांनी तीच कथा घेऊन माध्यम बदलले आणि नव्या माध्यमातून नवे काही मिळवले. त्यांचे हे श्रेय पूर्वपक्ष त्यांच्याच हातून काढून घेतो, हे पूर्वपक्षाच्या ध्यानात येत नाही.

तीन वाक्ये

आता उरलेली तीन वाक्ये एकेक करून पाहू.

एकाएकी उगवला, हे पहिले. समकालीन जीवनावरचे चित्रपट त्याआधी निघालेले होते. कलकत्त्याला धीरेन गांगुली यांचा ‘बिलात फेरत’ १९२१ मध्ये आला. मुंबईत कोहिनूर फिल्म कंपनीसाठी होमी मास्तरांनी १९२४ साली ‘बिसमी सदी’ काढला. त्यात रस्त्यावरचा फेरीवाला गिरणीमालक होतो आणि मजुरांना नाडतो. म्हणजे पडद्यावर गिरणी ‘सावकारी पाश’च्या आधी येऊन गेली होती. आणि कर्जबाजारी शेतकरी हा विषय तर मराठीत जुना, चांगला मुरलेला. जोतीराव फुल्यांचा ‘शेतकऱ्याचा असूड’ आणि कृष्णराव भालेकरांची ‘बळीबा पाटील’ ही दोन्ही एकोणिसाव्या शतकातली. आपटे हे काही वर्तमानपत्रातली कात्रणे जमवून लिहिणारे लेखक नव्हते. ते सुबोध, नीतिप्रधान, वाचकप्रिय कादंबरीकार. ‘कुंकू’ हा ‘प्रभात’चा चित्रपट त्यांच्याच ‘न पटणारी गोष्ट’वरून झाला. अशा लेखकाची कथा म्हणजे समाजाच्या एका दुखण्यावर बोट ठेवणारी, सुष्ट-दुष्टांची स्पष्ट विभागणी करणारी गोष्ट असणार, असे अनुमान जास्त सरळ ठरते. ‘वास्तववाद’ हे नाव त्या कथेला नंतरच्या पिढीने, स्वतःची वंशावळ शोधताना, लावले.

प्रेक्षकांना पचला नाही म्हणून पेंटर मागे फिरले, हे दुसरे. कंपनीची यादी पाहिली तर पुढे जाणे आणि मागे फिरणे असा काही प्रवासच दिसत नाही. त्याच १९२५ मध्ये ‘शहाला शह’ आणि ‘राणा हमीर’ निघाले. ऐतिहासिक, पौराणिक आणि सामाजिक अशी सरमिसळ हा त्या कंपनीचा नित्याचा व्यवहार होता. आणि पेंटरांना ही गोष्ट खरोखर फसलेली वाटली असती, तर अकरा वर्षांनी, नव्या कंपनीत, नव्या यंत्रासमोर त्यांनी तीच पुन्हा हाती घेतली नसती. फसलेला धंदा कोणी दुसऱ्यांदा मांडत नाही. त्या कथेने त्यांना सोडले नव्हते, हे १९३६ साल उघड सांगते.

‘दो बिघा जमीन’शी नाते, हे तिसरे. बिमल रॉय यांच्या १९५३ च्या चित्रपटामागे सलील चौधरींची कथा आहे, ‘इप्टा’ या नाट्यसंस्थेच्या मंडळींचा सहवास आहे, आणि १९५२ च्या आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवात पाहिलेला इटालियन नववास्तववाद आहे. या साखळीत कोल्हापूरच्या मूकपटाचा दुवा कुठे बसतो, ते कोणी दाखवलेले नाही. कथानक सारखे आहे हे खरे. ते सारखे आहे कारण खेडे, कर्ज आणि शहर या तिन्हींना जोडणारी वाट सगळ्या हिंदुस्थानात एकच होती. दोन माणसे एकाच वाटेने चालली म्हणून ती एकमेकांची नातलग ठरत नाहीत.

दुष्ट कोण?

इथवर खंडन झाले. नुसते खंडन करून थांबणे म्हणजे दुसऱ्याचे घर पाडून रस्त्यात उभे राहणे. तेव्हा मंडन.

चित्रपट हाती नाही. कथेचा सांगाडा आहे, तो कर्त्याने दोनदा हाताळला ही गोष्ट आहे, आणि ज्या जगातून ती कथा आली त्याचे दप्तर आहे. एवढ्या प्रमाणांवर जे उभे राहील तेवढेच सांगावे. माझे म्हणणे असे: ‘सावकारी पाश’चा विषय सावकाराचा दुष्टपणा नाही, आणि ‘वास्तवाचे दर्शन’ हाही नाही. ज्याची परतीची वाट बंद झाली अशा माणसाची ती गोष्ट आहे. बेघर होणे म्हणजे छप्पर जाणे एवढेच नव्हे. छप्पर पुन्हा घालता येते. ज्याला ‘परत जाईन’ असे म्हणायला जागा उरत नाही तो बेघर.

सावकाराचे पाहू. १२ मे १८७५ रोजी पुणे जिल्ह्यातल्या सुपे गावी दंगा उसळला आणि पुणे-नगर भागात पसरला. त्या दंग्यातल्या कुणब्यांनी जिवावर उठण्याऐवजी मुख्यतः कागदांवर हात टाकला. खते, दस्त, हिशेबाच्या वह्या मागून घेतल्या आणि जाळल्या. सावकाराला मारून काही होणार नाही, त्याचा मुलगा तोच कागद घेऊन कोर्टात उभा राहील, हे त्या माणसांना आपल्या समीक्षकांपेक्षा चांगले कळत होते. पुढे १८७९ चा दख्खन शेतकरी कायदा आला. कोर्टाने नुसत्या खतावर न जाता व्यवहाराचा पहिल्यापासूनचा इतिहास तपासावा, अशी सोय झाली. त्यावर सावकारांनी तोडगा काढला: गहाणखताऐवजी सरळ खरेदीखतच लिहून घ्यायचे आणि ‘पैसे फेडलेस की जमीन परत’ हा शब्द तोंडी ठेवायचा. कागदावर विक्री, बोलण्यात गहाण. अंगठा उमटला की शेतकऱ्याच्या दृष्टीने जमीन अजून त्याची असते आणि कायद्याच्या दृष्टीने ती गेलेली असते. मधली काही वर्षे तो आपल्याच रानात दुसऱ्याचा कूळ म्हणून राबतो आणि त्याला ते ठाऊकही नसते. माणूस गाव सोडून निघतो त्याच्या कितीतरी आधी बेघर झालेला असतो. तारीख मात्र दस्तावर असते.

आता देवासचे कारण. १९०७ साली माल्कम डार्लिंग नावाचा तरुण इंग्रज अधिकारी देवासच्या थोरल्या पातीचे राजे तुकोजीराव पवार यांचा शिक्षक म्हणून इथे आला. राजा आणि शिक्षक यांची जन्माची मैत्री झाली. डार्लिंगच्याच ओळखीने कादंबरीकार ई. एम. फॉर्स्टर देवासला आला, १९२१ मध्ये काही महिने राजाचा खासगी चिटणीस झाला, आणि त्या दिवसांवर त्याने १९५३ मध्ये ‘द हिल ऑफ देवी’ लिहिले. फॉर्स्टर सर्वांना ठाऊक असतो; डार्लिंग विसरला जातो. या डार्लिंगने पुढे पंजाबात सहकारी पतपेढ्यांचे काम केले आणि पंजाबातल्या शेतकऱ्याची भरभराट व त्याचे कर्ज यांवर एक ग्रंथ लिहिला. कर्जबाजारी शेतकऱ्यावरचा हिंदुस्थानातला तो सर्वांत गाजलेला ग्रंथ. प्रकाशनाचे साल १९२५. ‘सावकारी पाश’चेच.

डार्लिंग आणि पेंटर या दोघांना एकमेकांची खबर असण्याचे कारण नाही. पण डार्लिंगने जे दाखवले ते ‘सावकार म्हणजे राक्षस’ या वाचनाला सुरुंग लावणारे आहे. कर्ज फक्त दैन्यातून येत नाही, ते पतीच्या मागे येते. जमिनीची किंमत वाढली, ती विकता येऊ लागली, की तिच्यावर कर्ज मिळू लागते. जितकी पत मोठी तितका कर्जाचा डोंगर मोठा. पंजाबात १९०० च्या कायद्याने बिगरशेतकऱ्याला जमीन विकण्यावर बंधन आले, तर वाण्याच्या जागी शेतकरीच सावकार होऊन बसला. माणूस बदलला, पाश तोच राहिला. मग पडद्यावरचा सावकार कितीही मिशा पिळो, तो एका यंत्रणेचा मुनीम आहे. ती यंत्रणा कोर्ट, बाजारभाव आणि शेतसारा मिळून बनलेली. पूर्वपक्ष ‘वास्तव’ ‘वास्तव’ करतो आणि वास्तव मात्र एका खलनायकापाशी आणून थांबवतो.

गिरणीत घर असते का?

कथेचा दुसरा अर्धा भाग शहरातला. समीक्षक त्याला एका वाक्यात उरकतात: ‘आणि तो गिरणी कामगार होतो.’ जणू नोकरी लागली, प्रश्न मिटला.

१९२५ सालची मुंबई डोळ्यांपुढे आणावी. १९२१ च्या शिरगणतीप्रमाणे शहरातली शंभरातली ऐंशीहून जास्त माणसे शहराबाहेर जन्मलेली. गिरणीतला कामगार रत्नागिरीचा, साताऱ्याचा, घाटावरचा. एकाच गावची दहा-वीस माणसे मिळून एक खोली घेत, पाळीपाळीने झोपत, खानावळीत जेवत आणि गावी मनिऑर्डर पाठवत. पेरणीला, लग्नाला, आजारपणाला, शिमग्या-गणपतीला गावी जात. १९२५ मध्ये मालकांनी मजुरीत साडेअकरा टक्के कपात जाहीर केली आणि सप्टेंबरपासून डिसेंबरच्या सुरुवातीपर्यंत गिरण्या बंद राहिल्या. शेवटी सरकारने कापडावरची जकात तहकूब केली, कपात मागे घेतली गेली. एवढे दिवस कामगार टिकले कसे? हजारो जण गाठोडे बांधून गावी गेले. गावी जमिनीचा तुकडा होता, भाऊबंद होते, निदान चूल होती. गाव हा त्यांचा खरा संपनिधी.

आता त्या खोलीत ‘सावकारी पाश’मधला शेतकरी आहे अशी कल्पना करावी. त्याच वळकट्या, तीच खानावळ, तोच भोंगा. फरक एकच. संप झाला की बाकीचे गावी जातात आणि तो जाऊ शकत नाही. खोलीतल्या गप्पांत ‘औंदा पाऊस कसा?’ हा प्रश्न निघतो, आणि त्या प्रश्नाचे उत्तर ज्याच्या कामाचे नाही असा तो एकटाच असतो. गरिबी सगळ्यांची सारखी. बेघर मात्र तो एकटा. शहरात आपलेपणा मिळवायचा तर गाववाल्यांच्या आधाराने मिळवायचा असतो, आणि ज्याचे गावच खात्यावर निघाले त्याने कोणाचा गाववाला व्हायचे? कथेचा गाभा इथे आहे. हा गाभा १९२५ मध्ये पडद्यावर कितपत उतरला ते मी सांगू शकत नाही, आणि पूर्वपक्षालाही सांगता येणार नाही. पण कथेत तो आहे, हे सांगाडाच सांगतो.

एक तुलना केली की हे अधिक स्पष्ट होईल. चॅप्लिनचा ‘द गोल्ड रश’ही १९२५ चाच. चॅप्लिनचा भटक्या हा मूकपटांच्या जगातला सर्वांत प्रसिद्ध बेघर. पण त्याला गाव कधी नव्हतेच. त्याच्या चित्रपटाला सुरुवात होते तेव्हा तो चालतच असतो. मागे काही नाही म्हणून तो हलका असतो, कित्येक चित्रपटांच्या शेवटी पाठमोरा होऊन निघूनही जातो, आणि आपण टाळ्या वाजवतो. कोल्हापूरच्या शेतकऱ्याचे नाव गावदप्तरात होते. ते खोडले गेले. त्याच्या बेघरपणाला दिवस आहे, दस्त आहे, साक्षीदारांच्या सह्या आहेत. तो हलका होऊ शकत नाही. म्हणूनच ‘जगभरच्या बेघरांची कहाणी’ असल्या गोड शब्दांत या कथेला गुंडाळणेही चूकच.

राजे आणि रयत

शालिनी सिनेटोनकडे परत येऊ. १९३६ चा बोलपट जिथे झाला त्या संस्थेमागे आक्कासाहेब महाराज होत्या. चित्रपटाचे इतिहासकार त्यांची ओळख ‘शाहू छत्रपतींच्या कन्या’ एवढीच करून देतात. त्यांची दुसरी ओळख देवासची आहे. १९०८ मध्ये त्यांचा विवाह डार्लिंगच्या त्याच शिष्याशी, तुकोजीराव पवारांशी झाला. संसार टिकला नाही. त्या कोल्हापूरला परतल्या. १९२७ च्या अखेरीस युवराज विक्रमसिंहरावही बापावर संशय घेऊन देवासमधून निघून गेले. संस्थानच्या खजिन्याची दशा तर फॉर्स्टरने आधीच पाहिली होती: नवा राजवाडा एकीकडून बांधला जात होता आणि दुसरीकडून ढासळत होता. पुढे कर्ज आणि सरकारी चौकशी यांना तोंड न देता तुकोजीराव दक्षिणेच्या यात्रेला म्हणून निघाले ते फ्रेंचांच्या पाँडिचेरीत जाऊन राहिले. डिसेंबर १९३७ मध्ये तिथेच वारले.

म्हणजे कर्जापायी घर सुटलेल्या शेतकऱ्याचा बोलपट कोल्हापुरात तयार होत होता तेव्हा त्या स्टुडिओच्या आश्रयदात्या राणीचा नवरा कर्जापायीच राजधानी सोडून परमुलखात बसला होता. हा योगायोग आहे. त्यावरून बोलपटात देवासचा राजा शोधायला निघणे म्हणजे पूर्वपक्षाचीच चूक नव्याने करणे. मी त्याकडे बोट दाखवतो ते वेगळ्या कारणाने. राजाला कोणा दुष्ट सावकाराने फसवले नव्हते. हिशेबाच्या वहीने त्याला बाहेर काढले. तरीही त्याच्या घराण्याची वाट बंद झाली नाही. मुलगा गादीवर बसला, आणि १९४७ मध्ये तोच शहाजी छत्रपती म्हणून कोल्हापूरच्या गादीवर गेला. धारकडे पाहिले तरी हेच दिसते. १८५७ च्या धामधुमीनंतर इंग्रजांनी धार संस्थान जप्त केले आणि १८६० मध्ये ते पवारांना परत दिले. धारच्याच किल्ल्यात, आई आनंदीबाई आश्रयाला असताना, १७७५ मध्ये जन्मलेला दुसरा बाजीराव १८१८ मध्ये राज्य घालवून ब्रह्मावर्तास गेला, तोही सालीना आठ लाखांचा तनखा घेऊन. राजे बेदखल होतात तेव्हा तह होतात, तनखे ठरतात, गाद्या परत मिळतात. कुणब्याच्या दोन बिघ्यांसाठी कधी कोणी तह केलेला नाही.

माळव्यातल्या आम्हा मराठी घरांनाही यातून थोडे शिकण्यासारखे आहे. ‘मूळ गाव कोणते?’ असे इथे अजून विचारतात, आणि जे गाव सांगितले जाते तिथे पाच-सहा पिढ्यांत कोणी राहिलेले नसते. धार-देवासचे पवार स्वतः सुप्याचे. दंग्याचे सुपे पुणे जिल्ह्यातले, पवारांचे नगरकडचे, पारनेर भागातले. परक्या मुलखात राहूनही या घरांना कोणी बेघर म्हणणार नाही. कारण ती इथे हाकलून आलेली नाहीत. जहागिरी, इनामे, चाकऱ्या घेऊन आली. स्थलांतर आणि बेघरपण या दोन गोष्टी एका मापाने मोजल्या की ‘सावकारी पाश’सारखी कथा ‘खेड्यातून शहराकडे’ अशा निबंधी मथळ्यात विरून जाते.

एक आक्षेप

पूर्वपक्ष म्हणेल, चित्रपट हरवला म्हणून तो वास्तववादी नव्हता असेही सिद्ध होत नाही. बरोबर. मी तसे म्हणतही नाही. उद्या एखाद्या पेटीतून चार रिळे निघाली आणि त्यांत खरे रान, खरी चाळ, खरा भोंगा दिसला, तर मान्य करायला मला अडचण नाही. माझे म्हणणे एवढेच, की आज हाती असलेल्या प्रमाणांवर ‘पहिला वास्तववादी’ हा निकाल देता येत नाही. ‘परतीची वाट बंद झालेल्या माणसाची कथा, जी एका कलावंताने मूकपटात आणि बोलपटात अशी दोनदा सांगितली’ हा निकाल देता येतो. पहिल्या निकालात पेंटरांना शर्यतीतला क्रमांक मिळतो. दुसऱ्यात त्यांचा विषय त्यांना परत मिळतो.

पुरावा अजून निघू शकतो, आणि तो कोल्हापुरातच निघेल असे नाही. चित्रपटाबरोबर छायाचित्रांसह माहितीपुस्तिका छापण्याची पेंटरांची पद्धत होती. कोल्हापूर आणि देवास यांच्यात सोयरिकी होत्या, माणसे आणि सामानसुमान येत-जात होते. देवास, धार, इंदूर, ग्वाल्हेर इथल्या जुन्या मराठी घरांत पत्रांच्या पेट्या अजून आहेत. दिवाळीच्या आवराआवरीत त्यांतले कागद रद्दीत जातात. ‘महाराष्ट्र फिल्म कंपनी’ किंवा ‘शालिनी सिनेटोन’ असे छापलेले पान, जाहिरात, फोटो, हिशेबाचा तुकडा दिसला तर तो टाकू नका. पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाला कळवा. त्या कागदाने माझे म्हणणे खोटे पडले, तरी चालेल.